बास्क नट कार्रा एलेहाल्दे

युरोपच्या नकाशात स्पेन आणि फ्रान्स या दोन देशांच्या मध्ये पिरेनीज पर्वताची रांग दिसते. तिच्या पश्चिम टोकाशी, डोंगर समुद्राला भिडतात तेथे, बास्क लोकांचा मुलूख आहे. हिरवी कुरणे, दगडी घरे, मासेमारीची बंदरे आणि पोलादाचे कारखाने यांविषयी हा प्रदेश प्रसिद्ध आहे. त्याचा मोठा भाग स्पेनमध्ये व लहान भाग फ्रान्समध्ये मोडतो. बास्क लोकांची भाषा हे तर विद्वानांना पडलेले एक कोडेच होय. तिच्या चहूबाजूंस बोलल्या जाणाऱ्या स्पॅनिश व फ्रेंच या भाषा एकमेकींच्या बहिणी आहेत. दूरच्या नात्याने त्यांचे गोत आपल्या मराठीपर्यंतही येऊन पोचते. बास्क भाषेचे मात्र जगातील कोणत्याही जिवंत भाषेशी नाते सिद्ध झालेले नाही. १५४२ साली गोव्यास आलेले संत फ्रान्सिस झेवियर हे याच बाजूच्या नावारा प्रांतातले. ज्यांचे शव जुन्या गोव्यातील चर्चमध्ये आजही जपून ठेवलेले आहे, त्या झेवियर यांची मातृभाषा बास्क होती.

या मुलखातील व्हितोरिया शहरी १० ऑक्टोबर १९६० रोजी कार्रा एलेहाल्दे यांचा जन्म झाला. त्या वेळी स्पेनवर जनरल फ्रँको या हुकूमशहाची सत्ता होती. साऱ्या देशात एकच भाषा नांदली पाहिजे, असा त्याचा हट्ट होता. शाळा व कचेऱ्या यांतून बास्क भाषा हद्दपार झाली होती. फ्रँकोच्या राजवटीच्या पहिल्या वर्षांत तर जन्मलेल्या मुलांची बास्क नावे सरकारी दप्तरात नोंदवून घेण्यासही मनाई होती. घरात एक भाषा आणि शाळेत दुसरी, अशी कित्येक मुलांची स्थिती झाली. २० नोव्हेंबर १९७५ रोजी फ्रँको मरण पावला, तेव्हा कार्रा यांना पंधरावे वर्ष संपून जेमतेम एक महिना झाला होता.

त्यानंतर लोकांच्या तोंडावरचे कुलूप निघाले. गावोगावी नाटकमंडळ्या उभ्या राहिल्या. पुढे बास्क प्रदेशास स्वतःचे प्रांतिक सरकार मिळाले व त्याने चित्रपटांना पैशाचे साहाय्य देण्यास प्रारंभ केला. राजधानी माद्रिदमध्ये न जाता, आपल्याच डोंगरांत, आपल्याच माणसांविषयी चित्रपट काढता येतो, असे तरुण दिग्दर्शकांना वाटू लागले. या लाटेबरोबर एलेहाल्दे रंगभूमीवरून पडद्यावर आले.

१९९२ साली हुलिओ मेदेम या दिग्दर्शकाचा ‘गाई’ या नावाचा चित्रपट निघाला. एका बास्क खोऱ्यातील दोन शेजारी घराण्यांच्या वैराची ती कथा आहे. बास्क खेड्यांत कुऱ्हाडीने ओंडके तोडण्याच्या शर्यती लागतात; ओंडक्यावर उभे राहून, स्वतःच्या दोन पावलांच्या मध्ये घाव घालीत गडी तो तोडतो. त्या शर्यतीवर पैजा लागतात आणि माणसांचे मानापमान अवलंबून असतात. या चित्रपटात एलेहाल्दे यांना काम मिळाले. पुढच्याच वर्षी त्यांच्याच गावच्या हुआन्मा बाहो उल्योआ या दिग्दर्शकाने ‘मृत माता’ या चित्रपटात त्यांना प्रमुख भूमिका दिली. १९९७ साली ‘एअरबॅग’ नावाचा एक धमाल विनोदी चित्रपट स्पेनभर चालला. त्यात तर त्यांनी अभिनयाबरोबर कथालेखनासही हात लावला होता. पुढे त्यांनी स्वतः दोन चित्रपटांचे दिग्दर्शनही केले.

म्हणजे हा नट रिकामा कधीच नव्हता. तथापि काम मिळणे निराळे आणि मान मिळणे निराळे. चित्रपट पाहून घरी परतणाऱ्या माणसाच्या ओठांवर नायकाचे नाव असते, उरलेल्यांविषयी तो एवढेच विचारतो, “तो घोगऱ्या आवाजाचा माणूस कोण हो?” राकट चेहरा, घोगरा आवाज आणि बोलण्यात गावाकडचा हेल अशा नटाच्या वाट्यास पोलीस, चोर, कुणाचा तरी मित्र अशी कामे फार येतात. अशी वीसएक वर्षे लोटली.

२०१० साली ‘पाऊससुद्धा’ नावाचा चित्रपट पडद्यावर आला. त्याची कथा मोठी विलक्षण आहे. कोलंबसावर चित्रपट काढण्यासाठी एक स्पॅनिश मंडळी दक्षिण अमेरिकेतील बोलिव्हिया देशात जाते. तेथे मजुरी स्वस्त पडते हे त्याचे कारण. परंतु नेमके त्याच वेळी कोचाबांबा शहरात पाण्यावरून दंगल उसळते. शहराचे पाणी एका खासगी कंपनीच्या हवाली केलेले असते आणि पाण्याचे दर लोकांना परवडेनासे झालेले असतात. हा संघर्ष २००० साली खरोखरच घडला होता. पाचशे वर्षांपूर्वी कोलंबसाने सोने नेले, आता कोणी पाणी नेत आहे, असा तो सांधा आहे.

यात एलेहाल्दे यांनी आन्तोन नावाच्या एका नटाचे काम केले. हा आन्तोन मद्यपी, तुसडा आणि एकाकी आहे; चित्रपटातल्या चित्रपटात तो कोलंबस होतो. एका प्रसंगी मंडळी हॉटेलच्या अंगणात बसून संवाद वाचीत असते. वाचता वाचता आन्तोन एकाएकी उठतो. तेथे वाढपाचे काम करणाऱ्या एका बोलिव्हियन बाईच्या कानातल्या दागिन्याकडे त्याचे लक्ष जाते आणि तो कोलंबसाच्या आवाजात तिला दरडावून विचारू लागतो, की हे सोने कोठून आणले? बाई घाबरून जाते. सारे स्तब्ध होतात. अंगावर ना पोशाख, ना रंग, ना हातात तलवार; तरी त्या अंगणात क्षणभर कोलंबस उभा राहतो. दुसऱ्याच क्षणी आन्तोन भानावर येऊन तिची क्षमा मागतो. नट म्हणजे काय, हे सांगण्यास हा एक प्रसंग पुरेसा आहे.

स्पेनमध्ये चित्रपटांसाठी दिला जाणारा सर्वांत मोठा मान म्हणजे गोया पुरस्कार. फ्रान्सिस्को गोया या थोर चित्रकाराचा ब्राँझचा अर्धपुतळा विजेत्यास देतात. फेब्रुवारी २०११ मध्ये साहाय्यक अभिनेत्याचा गोया एलेहाल्दे यांस मिळाला. त्या वेळी त्यांचे वय पन्नास वर्षांचे होते.

घरोघरी नाव पोचण्यास मात्र आणखी तीन वर्षे लागायची होती. स्पेनमध्ये प्रत्येक माणसास दोन आडनावे असतात, एक पित्याचे व एक मातेचे. आजी-आजोबा चौघे, प्रत्येकाची दोन आडनावे, मिळून आठ झाली. ही आठही आडनावे बास्क असली, म्हणजे माणूस अस्सल बास्क, अशी समजूत आहे. ‘आठ बास्क आडनावे’ या २०१४ सालच्या चित्रपटाचे नाव त्यावरूनच पडले. त्यात एलेहाल्दे यांनी कोल्दो नावाचा मासेमार रंगवला. कित्येक वर्षे समुद्रावर काढून तो घरी येतो तो मुलीचे लग्न ठरले असे ऐकून. खरा नवरदेव पळालेला असतो. म्हणून मुलीने दक्षिणेकडील सेव्हिल शहराच्या एका तरुणास बास्क म्हणून उभे केलेले असते. जेवताना कोल्दो भावी जावयास आठ आडनावे विचारतो. बिचारा तरुण फुटबॉलपटू, गायक, स्वयंपाकी अशा आठवतील त्या प्रसिद्ध बास्क माणसांची आडनावे एकामागून एक सांगत सुटतो!

हा विनोद दहा वर्षांपूर्वी करता आला नसता. बास्क प्रदेश स्वतंत्र करण्यासाठी १९५९ साली ‘एता’ नावाची संघटना निघाली होती. तिने पुढे बॉम्ब व बंदुका यांचा मार्ग धरला आणि आठशेहून अधिक माणसांचे प्राण घेतले. बास्क आणि इतर स्पॅनिश लोक यांच्या मनांत संशयाची भिंत उभी राहिली. २० ऑक्टोबर २०११ रोजी या संघटनेने सशस्त्र कारवाया कायमच्या थांबवल्याचे जाहीर केले. त्यानंतर अडीच वर्षांच्या आत हा चित्रपट आला. बास्क माणूस सेव्हिलच्या माणसास हसला, सेव्हिलचा माणूस बास्कास हसला, आणि दोघेही स्वतःस हसले. नव्वद लाखांहून अधिक लोकांनी तो चित्रपटगृहात पाहिला. देशाच्या वस्तीशी ताडून पाहिल्यास दर पाच माणसांमागे जवळजवळ एक तिकीट खपले असे होते. साडेपाच कोटींहून अधिक युरो जमा झाले. ज्या राकट बोलण्यामुळे एलेहाल्दे यांना वर्षानुवर्षे दुय्यम कामे मिळाली, तेच बोलणे आता कोल्दोच्या तोंडून साऱ्या देशाने ऐकले. २०१५ साली त्यांना दुसरा गोया मिळाला.

पुढे २०१९ साली त्यांच्या हाती फार निराळे काम आले. मिगेल दे उनामुनो हे थोर साहित्यिक १८६४ साली बिलबाओ या बास्क शहरी जन्मले. त्यांनी लेखन मात्र स्पॅनिशमध्ये केले; इतकेच नव्हे, तर बास्क भाषा आता मरणपंथास लागली आहे, असे त्यांनी १९०१ साली बास्कांनाच सुनावले होते. १९३६ साली फ्रँकोच्या बाजूच्या लष्कराने बंड केले, तेव्हा उनामुनो यांनी प्रथम त्यास पाठिंबा दिला. पण मित्र तुरुंगात पडू लागले, मारले जाऊ लागले. १२ ऑक्टोबर १९३६ रोजी सालामांका विद्यापीठाच्या भरसभेत त्या बहात्तर वर्षांच्या वृद्धाने लष्करी अधिकाऱ्यांच्या तोंडावर त्यांचा निषेध केला. त्यांचे नेमके शब्द कोणते, याविषयी इतिहासकारांत मतभेद आहेत. परंतु ते बोलले आणि त्यामुळे त्यांचे पद गेले, यात शंका नाही. वर्ष संपण्यापूर्वी ते मरण पावले. आलेहान्द्रो आमेनाबार यांच्या चित्रपटात हे उनामुनो एलेहाल्दे यांनी साकार केले. चूक केलेला, ती उशिरा ओळखणारा, संतापी आणि एकटा पडलेला म्हातारा उभा करणे हे काही गंमतीचे काम नव्हते. कोल्दोवर हसलेले प्रेक्षक या वेळी चूप बसून राहिले.

या भूमिकेसाठी प्रमुख अभिनेत्याच्या गोयाकरिता त्यांचे नाव पुढे आले. जानेवारी २०२० मध्ये मालागा शहरी समारंभ झाला व तो पुरस्कार आन्तोनिओ बान्देरास यांना मिळाला. बान्देरास हे मालागाचेच; एलेहाल्दे यांच्याहून बरोबर दोन महिन्यांनी मोठे. ऐन तारुण्यात ते हॉलीवूडमध्ये गाजले होते. तरीही एखाद्या भूमिकेसाठी मिळालेला त्यांचा हा पहिलाच गोया होता. दोघेही त्या रात्री एकोणसाठ वर्षांचे होते.

२०२२ साली ‘व्हासिल’ नावाच्या एका लहानशा चित्रपटात एलेहाल्दे एक निवृत्त वास्तुशिल्पी झाले. बल्गेरियातून आलेल्या एका बेघर माणसास हा गृहस्थ आपल्या घरी ठेवून घेतो आणि दोघांत बुद्धिबळाचे डाव रंगतात. व्हायादोलिद येथील चित्रपट महोत्सवात अभिनयाचे पारितोषिक दोघां नटांत विभागून दिले गेले. एक वाटा बल्गेरियन नट इव्हान बार्नेव्ह यांना मिळाला आणि दुसरा बासष्ट वर्षांच्या कार्रा एलेहाल्दे यांना.