'डेस्लोरेलिन' : एका पशुवैद्यकीय औषधनामाची व्युत्पत्ती आणि प्रवृत्ती

१.

शब्दाची व्युत्पत्ती सांगितली म्हणजे त्याचा अर्थ सांगून झाला, अशी समजूत भाषेच्या अभ्यासकांतही अधूनमधून डोके वर काढीत असते. संस्कृत साहित्यशास्त्राने तिचा विचार फार पूर्वी केलेला आहे. 'कुशल' या शब्दाचा अवयवार्थ 'दर्भ आणणारा' असा होतो. 'निपुण' हा अर्थ त्याला रूढीमूलक लक्षणेने प्राप्त झाला, असे मम्मटाने मानले. विश्वनाथाने 'साहित्यदर्पणा'त या मतावर आक्षेप घेतला. शब्दाच्या घडणीचे निमित्त वेगळे आणि त्याच्या वापराचे निमित्त वेगळे, असे त्याचे म्हणणे आहे. तसे न मानल्यास 'गाय झोपली आहे' या साध्या वाक्यातही लक्षणा मानावी लागेल. कारण 'गो' हा शब्द 'जाणे' या अर्थाच्या 'गम्' धातूपासून सिद्ध होतो आणि झोपलेली गाय तर कोठेच जात नाही.

व्युत्पत्तिनिमित्त आणि प्रवृत्तिनिमित्त यांतील हा भेद सामान्यतः जुन्या शब्दांच्या संदर्भात शिकविला जातो. तथापि, समित्यांनी विचारपूर्वक घडविलेल्या आधुनिक नावांतही तो तितकाच ठळकपणे आढळतो. प्रस्तुत लेखात अशा एका नावाचा विचार करावयाचा आहे. 'डेस्लोरेलिन' हे पशुवैद्यकात वापरले जाणारे, प्राण्यांच्या लैंगिक संप्रेरकांची निर्मिती दडपणारे औषध आहे. त्याचे नाव मात्र दडपण्याविषयी काहीच सांगत नाही. ते सोडण्याविषयी, मुक्त करण्याविषयी सांगते. हा विरोध कोठून आला, आणि मराठीत या औषधाविषयी लिहिताना त्यामुळे कोणती अडचण उभी राहते, हे पाहणे उद्बोधक ठरेल.

२.

औषधद्रव्यांना कोणत्याही कंपनीच्या मालकीची नसलेली, जगभर समान अशी नावे देण्याचे कार्य जागतिक आरोग्य संघटना करते. या योजनेचा पाया १९५० मध्ये घातला गेला आणि अशा नावांची पहिली यादी १९५३ मध्ये प्रसिद्ध झाली. नावावरून रुग्णाला शरीराच्या अवयवाची, रोगाची वा उपचाराची सूचना मिळू नये, असा या नामकरणाचा एक दंडक आहे. दुसरा दंडक असा की, सारख्या क्रियेच्या द्रव्यांची नावे एकाच अंशाने जोडलेली असावीत. म्हणजे नाव सामान्य वाचकाशी मौन पाळते, परंतु जाणकाराला आपले कुळ सांगते.

'रेलिन' हा असाच कुलदर्शक अंश आहे. पोष ग्रंथीतून संप्रेरके सोडण्यास चालना देणाऱ्या पेप्टाइडांच्या नावांना तो लागतो. या कुळाचे मूळ पुरुष म्हणजे मेंदूतील अधोथॅलॅमस या भागात तयार होणारे, दहा अमिनो आम्लांचे एक नैसर्गिक संप्रेरक. त्याची रचना १९७१ मध्ये उलगडली. या क्षेत्रातील कार्याबद्दल रॉजर गिलेमाँ आणि अँड्र्यू शॅली यांना १९७७ च्या नोबेल पारितोषिकात वाटा मिळाला. औषध म्हणून या नैसर्गिक द्रव्याचे नाव 'गोनॅडोरेलिन'. त्यात बदल करून बुसेरेलिन, गोसेरेलिन, ट्रिप्टोरेलिन आणि डेस्लोरेलिन ही कृत्रिम द्रव्ये सिद्ध करण्यात आली. 'डेस' हा पूर्वांश रसायनशास्त्राच्या परिभाषेत मूळ रेणूतील एखादा घटक गाळल्याचे सुचवितो. डेस्लोरेलिनमध्ये मूळ संप्रेरकाच्या शेवटचे दहावे अमिनो आम्ल खरोखरच नाही.

आता व्युत्पत्तीच्या बाजूने पाहिल्यास 'डेस्लोरेलिन' म्हणजे 'एक घटक उणा केलेले मोचक द्रव्य' असा अर्थ निघतो. नावात निरोधाची कल्पना कोठेही नाही. एवढेच नव्हे, तर संप्रेरकांचे मोचन रोखणाऱ्या पेप्टाइडांसाठी 'रेलिक्स' असा स्वतंत्र अंश आहे. सेट्रोरेलिक्स हे त्याचे उदाहरण. नामकरणाच्या कोष्टकात मोचक आणि रोधक अशी दोन वेगळी घरे असताना, दमनासाठी वापरले जाणारे हे औषध मोचकांच्या घरात बसले आहे.

३.

ही नामकरणातील चूक आहे काय? तसे म्हणता येत नाही. त्यासाठी औषधाच्या क्रियेत थोडे शिरणे अगत्याचे आहे.

अधोथॅलॅमसमधील संप्रेरक रक्तात अखंड पाझरत नाही. ते ठरावीक अंतराने, स्पंदांच्या रूपाने येते. प्रत्येक स्पंदाला पोष ग्रंथी प्रतिसाद देते आणि वृषण किंवा अंडकोश यांना चालना देणारी संप्रेरके सोडते. अर्न्स्ट क्नोबिल यांच्या गटाने १९७८ मध्ये ऱ्हीसस माकडांवरील प्रयोगांतून दाखवून दिले की, हेच संप्रेरक तासातासाने दिले तर ग्रंथीचे कार्य चालू राहते. अखंड देत राहिले तर ते मंदावते. सततच्या उद्दीपनाने ग्रंथीवरील ग्राही कमी होतात व ती प्रतिसाद देईनाशी होते. आज्ञा तीच असते. ती खंडित की अखंड, यावर परिणाम ठरतो.

डेस्लोरेलिनचे रोपण या तत्त्वावर चालते. 'सुप्रेलोरिन' या व्यापारी नावाने ते युरोपीय संघात २००७ मध्ये मान्य झाले. कुत्र्याच्या पाठीकडील सैल त्वचेखाली एक लहानशी कांडी बसविली जाते आणि तिच्यातून औषध महिनोन्महिने झिरपत राहते. नर कुत्र्यासाठी ४.७ मिलिग्रॅमच्या कांडीचा परिणाम सहा महिने, तर ९.४ मिलिग्रॅमच्या कांडीचा बारा महिने टिकतो. प्रारंभी मात्र औषध आपल्या नावाला जागते : काही काळ संप्रेरके वाढतात. त्यानंतरच ती घटू लागतात. वंध्यत्व पहिल्या प्रकारात सुमारे सहा आठवड्यांनी व दुसऱ्या प्रकारात सुमारे आठ आठवड्यांनी येते. औषध संपल्यावर प्रजननक्षमता परत येऊ शकते.

याच द्रव्याचा दुसरा उपयोग अधिक बोलका आहे. 'ओव्हूप्लांट' या नावाने ते घोडीला अल्पकाळासाठी दिले जाई, तेव्हा त्याचा हेतू अंडमोचन घडवून आणणे हा होता. पक्व पुटक असलेल्या घोडीत ते ४८ तासांच्या आत अपेक्षित असे. कांडी शरीरात तशीच राहिल्यास काही घोड्यांचा पुढील माज लांबतो असे आढळले आणि अंडमोचनानंतर ती काढून टाकण्याची पद्धत पडली. एकच द्रव्य, एकाच प्राण्यात, प्रथम मोचक आणि मग रोधक ठरते.

यावरून असे दिसते की, 'डेस्लोरेलिन' हे नाव क्रियेचा पहिला क्षण सांगते, तर त्याचा रूढ वापर क्रियेचा शेवट लक्षात घेतो. मधला काळ दोहोंतही येत नाही. येथे व्यापारी नावाची तुलना मार्मिक ठरते. 'सुप्रेलोरिन' वाचताना इंग्रजीतील दडपण्याच्या क्रियापदाची आठवण होते. अधिकृत नाव कुळ सांगते आणि व्यापारी नाव फळाकडे बोट दाखविते.

४.

मराठीत हे औषध समजावून सांगू पाहणाऱ्यास कोणते शब्द उपलब्ध आहेत, ते आता पाहू.

पहिला शब्द 'संप्रेरक'. अर्नेस्ट स्टार्लिंग यांनी १९०५ मध्ये लंडन येथील व्याख्यानांत 'हॉर्मोन' हा शब्द रूढ केला. त्यामागील ग्रीक क्रियापदाचा अर्थ 'चालना देणे'. 'सम्' आणि 'प्र' या उपसर्गांनी युक्त 'ईर्' धातूपासून झालेला 'संप्रेरक' हा शब्द त्याचे अचूक प्रतिरूप आहे. परंतु या अचूकपणामुळेच 'संप्रेरकाने दमन' ही कल्पना मराठी वाचकाला विसंगत वाटते. मग लेखक 'संप्रेरकरोधक' असा शब्द योजतो. तो अर्थाने सुबोध, पण शास्त्रदृष्ट्या सदोष आहे. कारण रोधक म्हणजे प्रारंभापासून अडविणारा, अर्थात 'रेलिक्स' कुळातला. डेस्लोरेलिनला रोधक म्हटले की प्रारंभीची वाढ वाचकाच्या दृष्टीआड होते.

दुसरा शब्द 'खच्चीकरण'. अरबी 'खसी' या शब्दाशी नाते सांगणाऱ्या 'खच्ची'ला संस्कृत 'करण' जोडून तो बनला आहे. बैलाच्या संदर्भात शेतकरी 'बडवणे' किंवा 'खच्ची करणे' असे म्हणतो. वृत्तपत्रीय मराठीत मात्र 'मनोधैर्याचे खच्चीकरण' हाच प्रयोग अधिक परिचित आहे. 'रासायनिक खच्चीकरण' म्हणताना हा लाक्षणिक अर्थ मागे राहत नाही. शिवाय बडवलेला बैल पुन्हा वळू होत नाही. शब्दातच अपरिवर्तनीयता आहे.

तिसरा शब्द 'निर्बीजीकरण'. भटक्या कुत्र्यांच्या शस्त्रक्रियेमुळे, विशेषतः २००१ च्या आणि नंतर २०२३ च्या पशु जन्मनियंत्रण नियमांच्या चर्चेतून, तो परिचित झाला. तो सौम्य आणि प्रतिष्ठित आहे. पण त्याचाही रूढ संकेत शस्त्रक्रियेचा व कायमचा आहे.

चौथा शब्द 'माज'. संस्कृत 'माद्यति' या रूपापासून आलेल्या 'माजणे'शी तो संबद्ध आहे. गाय माजावर येते, हे गोठ्यातील साधे विधान; माणसाचा माज उतरविला जातो, हे शिक्षेचे विधान. 'कुत्र्याचा माज उतरविणारे औषध' असे कोणी म्हटले, तर एका जैविक अवस्थेचे वर्णन नकळत नैतिक निवाडा बनते आणि निरपराध प्राणी अपराधी ठरतो.

५.

हा प्रश्न केवळ कोशकाराचा नाही. घरी कुत्रा पाळणाऱ्या माणसाला औषधाविषयी जे सांगितले जाते, ते तो आपल्या भाषेतील शब्दाच्या वळणाने ऐकतो. 'रोधक' ऐकणारा पहिल्याच दिवसापासून निर्धास्त होतो आणि कुत्र्याला मादीपासून दूर ठेवण्याचे विसरतो. नको असलेली पिल्ले जन्माला येतात. 'खच्चीकरण' ऐकणारा हे कायमचे समजून उपचार नाकारतो, किंवा कायमचे समजूनच स्वीकारतो व वर्षभराने चकित होतो. प्रत्येक वेळी औषधाने आपले काम केलेले असते. शब्दाने केलेले नसते.

यासाठी 'प्रजननस्थगन' असा शब्द सुचवावासा वाटतो. 'स्थगिती' हा न्यायालयामुळे आणि शासनव्यवहारामुळे सर्वांच्या परिचयाचा शब्द आहे. स्थगिती मिळालेली गोष्ट रद्द झालेली नसते, ती पुन्हा सुरू होऊ शकते, हे मराठी माणसाला समजावून सांगावे लागत नाही. या शब्दात निंदा नाही, शस्त्रक्रियेची छाया नाही आणि कायमपणाही नाही. त्यात एक उणीव राहते : विलंबाने येणाऱ्या परिणामाची सूचना त्यातून मिळत नाही. ती स्वतंत्र वाक्यानेच द्यावी लागेल. एका शब्दाने सर्व काही सांगावे, ही अपेक्षा परिभाषेकडून बाळगणे योग्य नव्हे.

येथे कोणी असा आक्षेप घेईल की, 'स्थग्' या धातूचा मूळ अर्थ 'झाकणे' असा आहे, 'तूर्त थांबविणे' असा नाही. आक्षेप खरा आहे. परंतु मराठीत 'स्थगित' हा शब्द ज्या निमित्ताने वापरला जातो ते त्याच्या घडणीच्या निमित्तापासून दूर गेले आहे, आणि भाषिक व्यवहार या दुसऱ्या निमित्तावरच चालतो. 'डेस्लोरेलिन'च्या बाबतीत जाणकारांनी हे अंतर मनात ठेवून व्यवहार चालविला आहे. सामान्य वाचकाजवळ ते ज्ञान नसते. म्हणून त्याच्यासाठी शब्द निवडताना, तो शब्द कोठून आला यापेक्षा तो ऐकून माणूस काय करील, हे आधी पाहिले पाहिजे.