लिलावाच्या अटी आणि आपला हक्क

नगरपालिकेच्या गाळ्यांचा, मटण मार्केटमधील ओट्यांचा किंवा आठवडी बाजाराच्या वसुलीचा लिलाव निघाला की आपले बरेच व्यापारी बंधू अटींचा कागद न वाचताच बोली बोलतात. लिलाव हातचा गेल्यावर अट अन्यायाची होती असे लक्षात येते. तोवर वेळ निघून गेलेली असते.

पालिकेला अटी घालण्याचा अधिकार आहे. अनामत रक्कम, हातची किंमत, थकबाकी नसल्याचा दाखला, कामाचा अनुभव या अटी केवळ आपल्याला जड जातात म्हणून न्यायालय रद्द करीत नाही. टाटा सेल्युलर खटल्यात (१९९४) सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, न्यायालय अशा निर्णयावर अपील ऐकत नाही. निर्णय घेण्याची रीत कायदेशीर होती की नाही, हे पाहते.

मग अट केव्हा टिकत नाही? तिला कायद्याचा आधार नसेल, ती एकाच माणसासाठी बेतलेली असेल किंवा इतरांचा धंदाच बंद पाडत असेल तेव्हा. उत्तर प्रदेशातील कैराना नगरपालिकेने भाजीच्या घाऊक विक्रीचा मक्ता एकालाच दिला. उपविधीत परवाना देण्याची तरतूदच नसल्याने रशीद अहमद या व्यापाऱ्याचा धंदा बंद पडला. १९५० साली सर्वोच्च न्यायालयाने ही बंदी घटनेच्या कलम १९ मधील व्यवसायस्वातंत्र्याविरुद्ध ठरवली.

दुसरा धडा मुंबईचा आहे. विमानतळावरील उपाहारगृहाच्या निविदेत पाच वर्षांच्या अनुभवाची अट होती. ती पुरी न करणाऱ्याला ठेका मिळाला. रमणा शेट्टी खटल्यात (१९७९) न्यायालय म्हणाले, जाहीर केलेली अट प्राधिकरणालाही बंधनकारक आहे. तरीही अर्जदाराला दाद मिळाली नाही. त्याचे एक कारण म्हणजे तो पाच महिन्यांहून अधिक उशिरा आला होता आणि ठेकेदाराचा सव्वा लाखाच्या आसपास खर्च झाला होता.

म्हणून पुढील गोष्टी ध्यानात ठेवा :

१) जाहिरात निघताच अटींची प्रत मिळवा.

२) हरकत बोलीपूर्वीच मुख्याधिकाऱ्यांकडे लेखी द्या व पोच घ्या. मुकाट्याने बोली बोलून नंतर अटीविरुद्ध तक्रार करणाऱ्याचे न्यायालय सहसा ऐकत नाही.

३) महाराष्ट्र नगरपरिषद अधिनियम १९६५ च्या कलम ३०८ खाली पालिकेच्या ठरावाची अंमलबजावणी थांबवण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना आहे. त्यांच्याकडे अर्ज करा.

४) तेथे काम झाले नाही तर वकिलाच्या सल्ल्याने घटनेच्या कलम २२६ अन्वये उच्च न्यायालयात जा, पण गाळ्याचा ताबा दुसऱ्याकडे जाण्याआधी.

आपली बाजूही स्वच्छ हवी. घेण्याचा इरादा नसताना बोली चढवणे, म्हणजे नजश, हदीसमध्ये मना आहे. हरकत एकट्याने घेण्यापेक्षा मार्केटमधील सर्व धर्मांच्या दुकानदारांनी मिळून सह्या केल्या, तर तिला वजन येते.