रस्ते अपघातातील जखमींची नुकसानभरपाई : अपंगत्व आणि कमाईच्या क्षमतेची हानी

अपघातात निकामी झालेल्या हाताचे किंवा पायाचे मोल पैशांत कसे ठरवावे, हा प्रश्न कायद्याचा आहे, तितकाच अर्थशास्त्राचाही आहे. मोटार वाहन अधिनियम, १९८८ च्या कलम १६६ अन्वये जखमी व्यक्तीस मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे अर्ज करता येतो. कलम १६८ नुसार न्यायाधिकरणाने ‘न्याय्य’ वाटेल इतकी भरपाई द्यावयाची असते. येथे वाहनचालकाचा निष्काळजीपणा सिद्ध करावा लागतो. याउलट, २०१९ च्या दुरुस्तीने आलेल्या कलम १६४ खाली दोष सिद्ध न करताही मृत्यूसाठी ५ लाख आणि गंभीर दुखापतीसाठी २.५ लाख रुपये अशी ठरावीक रक्कम मिळते.

न्याय्य भरपाईचे दोन भाग पडतात. पहिला आर्थिक हानीचा : उपचारांचा खर्च, उपचारकाळात बुडालेले उत्पन्न, पुढील उपचार आणि भावी उत्पन्नातील घट. दुसरा बिगर-आर्थिक हानीचा : वेदना, जीवनातील सुखांना मुकणे आणि आयुर्मान घटणे. यांपैकी भावी उत्पन्नातील घट हाच सर्वांत वादाचा मुद्दा ठरतो.

सर्वोच्च न्यायालयाने २०११ मधील एका महत्त्वाच्या निकालात स्पष्ट केले की, वैद्यकीय प्रमाणपत्रातील अपंगत्वाची टक्केवारी म्हणजेच कमाईच्या क्षमतेची हानी, असे यांत्रिकपणे मानता येणार नाही. त्यासाठी तीन गोष्टी तपासाव्यात : अपंगत्वानंतर ती व्यक्ती कोणती कामे करू शकते, अपघातापूर्वी तिचा व्यवसाय कोणता होता व वय किती होते, आणि तोच किंवा दुसरा व्यवसाय करून ती उपजीविका करू शकेल काय. डावा हात गमावलेल्या वाहनचालकाची किंवा सुताराची कमाई पूर्णपणे थांबू शकते; तीच इजा झालेल्या कार्यालयीन लिपिकाची नोकरी मात्र टिकू शकते.

आता गणिताकडे वळू. उत्पन्नाची हानी काढण्यासाठी वार्षिक उत्पन्नास वयानुसार ठरलेल्या गुणकाने गुणतात. २००९ च्या निकालाने हे गुणक निश्चित केले : १५ ते २५ वर्षे वयास १८, ३१ ते ३५ वर्षांस १६, ४६ ते ५० वर्षांस १३ आणि ६५ वर्षांपुढे ५. चौतिशीतील माणसाची कामाची वर्षे पंचविसांहून अधिक उरलेली असतानाही गुणक १६ च का? कारण रक्कम एकरकमी मिळते, तिच्यावर व्याज मिळते आणि आयुष्यातील अनिश्चितताही जमेस धरावी लागते. अर्थशास्त्रात यालाच भावी उत्पन्नाचे वर्तमान मूल्य म्हणतात.

२०१७ मध्ये घटनापीठाने मृत्यूच्या दाव्यांत भावी उत्पन्नवाढ धरण्याचे प्रमाण ठरविले. स्वयंरोजगार किंवा ठरावीक वेतन असणाऱ्यांसाठी चाळिशीच्या आत ते ४० टक्के आहे. कायम अपंगत्व आलेल्या जखमींनाही ही वाढ मिळते, हे २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले.

एक काल्पनिक उदाहरण घेऊ. दरमहा १५,००० रुपये मिळविणाऱ्या ३४ वर्षांच्या गवंड्याचा पाय निकामी झाला. वार्षिक उत्पन्न १,८०,००० रुपये. ४० टक्के वाढ धरून २,५२,००० रुपये. १६ ने गुणता ४०,३२,००० रुपये. प्रमाणपत्रातील संपूर्ण शरीराचे २५ टक्के अपंगत्व धरल्यास हानी १०,०८,००० रुपये येते. मात्र पराती चढणे अशक्य झाल्याने कमाईची क्षमता ६० टक्के घटली असे मानल्यास ती २४,१९,२०० रुपये होते. एका टक्केवारीच्या अर्थामुळे १४,११,२०० रुपयांचा फरक पडतो! जखमी व्यक्ती हयात असल्याने, मृत्यूच्या दाव्याप्रमाणे, यातून वैयक्तिक खर्चाची वजावट होत नाही, हेही ध्यानात ठेवावे.

असंघटित क्षेत्रातील श्रमिकाकडे बहुधा वेतनचिठ्ठी नसते. अशा वेळी न्यायाधिकरणे अनेकदा किमान वेतनाचा आधार घेतात आणि प्रत्यक्ष कमाई त्याहून अधिक असल्यास मूळ आकडाच कमी धरला जातो. म्हणून उत्पन्नाचा पुरावा आणि कामाच्या स्वरूपाविषयी डॉक्टरांची साक्ष या दोन बाबी निर्णायक ठरतात. शरीराची इजा सारखी असली तरी उपजीविकेची हानी व्यवसायागणिक बदलते. ती अचूक मोजण्यातच ‘न्याय्य’ या शब्दाचा अर्थ सामावलेला आहे.