गायकांच्या कंपनीतला गद्य नट

प्रश्न : इंग्लंडमधल्या गिल्बर्ट-सलिव्हन यांच्या संगीतिकांत विनोदी भूमिका करून जॉर्ज ग्रॉस्मिथ यांनी नाव मिळवलं, असं वाचलं. आपल्या संगीत नाटकांतले गायक सगळ्यांना ठाऊक आहेत; पण असा नट आपल्याकडे झाला का?
– एक वाचक, नंदनवन, नागपूर

उत्तर : झाला की! गणेश गोविंद तथा गणपतराव बोडस (१८८०–१९६५). मात्र दोघांत एक मोठा फरक आहे. १८७७ ते १८८९ या काळात ग्रॉस्मिथ गाजले ते भरधाव, शब्दांच्या फैरी झाडणाऱ्या गाण्यांवर. बोडसांची ख्याती गद्य नटाची. बालगंधर्वांसारखा गळा शेजारी असताना नुसत्या बोलण्यावर प्रेक्षक धरून ठेवायचा, हे काम सोपं नव्हतं. त्यातही १९१३ साली बालगंधर्व आणि गोविंदराव टेंबे यांच्यासह गंधर्व नाटक मंडळी काढणाऱ्या तिघांपैकी ते एक. म्हणजे पडदा वर जाण्याआधीची चिंताही वाट्याला होतीच.

किर्लोस्कर मंडळीत १९११ साली ‘मानापमान’ आलं, त्यात ते भित्रा लक्ष्मीधर झाले. पण त्यांची खरी ओळख म्हणजे ‘संशयकल्लोळ’मधला फाल्गुनराव. या नाटकाचा प्रवास मजेदार आहे. मोलिएरच्या फ्रेंच प्रहसनावरून आर्थर मर्फीने १७६१ मध्ये इंग्रजी सुखात्मिका केली, तिच्यावरून गोविंद बल्लाळ देवलांनी गद्य ‘फाल्गुनराव’ लिहिलं आणि पुढे त्यात पदं घातली. संगीत प्रयोग १९१६ च्या ऑक्टोबरात रंगभूमीवर आला. देवल त्याच जूनमध्ये गेले होते. फाल्गुनराव करताना नटाने ‘मी विनोदी आहे’ असं दाखवलं की भूमिका मेलीच. बायकोच्या हातातली परक्याची तसबीर पाहून तिच्यावर आलेला त्याचा संशय त्याच्या लेखी शंभर टक्के खरा असतो, म्हणून तर आपण हसतो.

अडीच वर्षांच्या आत याच बोडसांनी ‘एकच प्याला’तला सुधाकर केला. आपल्या जिल्ह्यातल्या सावनेरला २३ जानेवारी १९१९ रोजी त्याचे नाटककार राम गणेश गडकरी गेले आणि महिनाभरात, २० फेब्रुवारीला, बडोद्यात हे नाटक रंगभूमीवर आलं. सुधाकराची बायको सिंधू झालेल्या बालगंधर्वांना गाणी, सुधाकराला संवाद. हसवणाऱ्या नटाला दारूने होरपळलेला वकील कसा साधला, असं पुष्कळांना वाटतं. मला त्यात नवल वाटत नाही. फाल्गुनराव काय, सुधाकर काय, दोघेही स्वतःच्या डोक्यातल्या भुतापुढे हतबल झालेले गृहस्थ. एकाचं भूत तसबिरीतून निघतं, दुसऱ्याचं प्याल्यातून.

बोडसांच्या कामाचं चलच्चित्र शोधत बसू नका. त्यांचं ‘माझी भूमिका’ हे आत्मचरित्र वाचा. आणि गद्य नटाची कदर झाली का, अशी शंका असेल तर एवढं सांगतो : संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार १९५५ साली बालगंधर्वांना मिळाला, १९५६ साली गणपतराव बोडसांना.