कौन्तेय आणि राधेय : मातृनामांचा विचार

श्रीमद्भगवद्गीतेत भगवंतांच्या मुखातून निघालेला पहिला शब्द कोणता? पहिल्या अध्यायाच्या पंचविसाव्या श्लोकात, दोन्ही सैन्यांच्या मध्ये रथ उभा करून, श्रीकृष्ण अर्जुनास समोर जमलेले कुरुजन पाहावयास सांगतात. त्या वाक्याचा आरंभ ‘पार्थ’ या संबोधनाने होतो. पार्थ म्हणजे पृथेचा पुत्र. पुढे वारंवार येणाऱ्या ‘कौन्तेय’ या संबोधनाचा अर्थ कुंतीचा पुत्र. पाण्डव, भारत, कुरुनंदन ही पितृकुलाची नावेही अर्जुनास गीतेत लाभली आहेत. तथापि नित्यपाठ करणाऱ्याच्या कानांत घुमत राहतात ती आईवरून आलेली ही दोनच.

पृथा आणि कुंती एकच, हे सर्वश्रुत आहे. पण त्या दोन नावांमागील वृत्तांत सहसा लक्षात राहत नाही. पृथा ही यदुकुलातील शूराची कन्या, वसुदेवाची बहीण, म्हणजे श्रीकृष्णाची आत्या. शूराने ती आपल्या निपुत्रिक आप्तास, कुंतिभोजास दिली आणि त्या घरच्या नावावरून ती कुंती झाली. म्हणजे पृथा हे जन्मघरचे नाव आणि कुंती हे पालकघरचे. ‘पार्थ’ म्हणताना श्रीकृष्ण आपल्या आत्येच्या मुलास हाक मारीत आहेत, ही जवळीक त्या शब्दात आहे. ‘कौन्तेय’ या शब्दात मात्र एका दत्तकविधानाची स्मृती आहे. ही गोष्ट पुढे उपयोगी पडेल.

अशा नावांना व्याकरणात अपत्यवाचक तद्धित म्हणतात. पाणिनीने स्त्रीवाचक शब्दांसाठी ढक् हा प्रत्यय सांगितला असून त्याचे रूप शेवटी ‘एय’ असे होते : कुंतीचा कौन्तेय, राधेचा राधेय, गंगेचा गांगेय, विनतेचा वैनतेय. गीतेच्या पहिल्याच अध्यायात सौभद्र आणि द्रौपदेय ही आणखी दोन मातृनामे भेटतात. द्रौपदेयांचे कारण उघड आहे. पाच पुत्रांचे पाच पिते. त्या सर्वांना एका शब्दात गोवावयाचे तर मातेवाचून दुसरा आधार नाही. सौभद्राविषयी मात्र तसे नाही. अभिमन्यूचा पिता साऱ्या रणभूमीला ठाऊक होता, तरी त्याची ओळख सुभद्रेवरून दिली आहे. (‘संगीत सौभद्र’ या १८८२ सालच्या नाटकामुळे मराठी वाचकास हा शब्द परिचित आहे, पण तेथे त्याचा अर्थ सुभद्रेविषयीचे आख्यान असा आहे, सुभद्रेचा पुत्र असा नव्हे.)

मातेचे नाव लावणे म्हणजे पित्याचा ठावठिकाणा नसणे, हा समज म्हणूनच तपासून पाहिला पाहिजे. या समजाला आधार म्हणून छांदोग्य उपनिषदातील सत्यकामाची कथा सांगितली जाते. गुरुगृही जाण्यापूर्वी त्याने आईस आपले गोत्र विचारले. तारुण्यात परिचारिका म्हणून अनेक घरी राबताना तू झालास, गोत्र मला ठाऊक नाही. माझे नाव जबाला, तुझे सत्यकाम, तेव्हा सत्यकाम जाबाल असेच सांग, असे तिने सांगितले. हारिद्रुमत गौतमांपुढे त्याने ते जसेच्या तसे सांगितले आणि या सत्यवचनावरूनच गुरूंनी त्याचा स्वीकार केला. कथा थोर आहे. पण मातृनामांचा एवढाच उगम मानणे योग्य नाही. बृहदारण्यकाच्या अखेरीस जी गुरुपरंपरा दिली आहे, तीत पौतिमाषीपुत्र, कात्यायनीपुत्र, गौतमीपुत्र अशी मातृनामांची रांगच लागते. ते सारे मान्य आचार्य होते. त्यांच्या कुळाविषयी कोणी शंका घेतलेली नाही. स्वतः पाणिनीलाही परंपरा दाक्षीपुत्र म्हणते.

याचे दगडात कोरलेले प्रमाण महाराष्ट्रातच आहे. नाशिकजवळील पांडवलेण्यांतील तिसऱ्या लेण्यात गौतमी बलश्री या सातवाहन राजमातेचा लेख आहे. तिचा नातू वासिष्ठीपुत्र पुळुमावी याच्या राज्याच्या एकोणिसाव्या वर्षी तो कोरला गेला. त्यात ती दिवंगत पुत्राचा, गौतमीपुत्र सातकर्णीचा, पराक्रम वर्णिते आणि त्याच्या गुणांत मातेच्या अखंड सेवेचाही उल्लेख करते. येथे राज्य पित्याकडून पुत्राकडे गेले आहे, नाव मात्र प्रत्येक पिढीत मातेच्या गोत्रावरून आले आहे. राजास अनेक राण्या असत. अनेक राजपुत्रांतून हा कोणता, हे पित्याच्या नावाने कळत नसे, आईच्या नावाने कळे.

ही रीत भारतवर्षापुरतीच आहे असेही नाही. डेन्मार्कचा अकराव्या शतकातील राजा स्वेन हा एस्ट्रिडसन, म्हणजे एस्ट्रिडचा पुत्र म्हणून इतिहासात ओळखला जातो, कारण त्याचा सिंहासनावरील हक्क राजकन्या असलेल्या मातेकडून आला होता. आइसलँडमध्ये आजही बहुसंख्य लोकांस आडनाव नाही. पित्याच्या, आणि इच्छा असल्यास मातेच्या, नावापुढे ‘चा पुत्र’ किंवा ‘ची कन्या’ अशा अर्थाचा शब्द जोडतात, त्यामुळे सख्ख्या भावाबहिणींची उपनामेही निराळी दिसतात. अरबीत ‘इब्न’ म्हणजे पुत्र. कुराणात येशूचा उल्लेख मरियमचा पुत्र असाच येतो. अरबांत उलट दिशेचीही एक रीत आहे : पुत्र झाल्यावर पिता ‘अबू अमुक’ आणि माता ‘उम्म अमुक’ या नावाने ओळखली जाते. स्पेनमध्ये पित्याचे व मातेचे अशी दोन उपनामे लावतात. चित्रकार पिकासो याच्या पित्याचे उपनाम रुईझ होते. जगाने ओळखले ते त्याच्या मातेचे. चिनी लिपीत कुलनाम दाखविणारे अक्षर ‘स्त्री’ आणि ‘जन्म’ या दोन चिन्हांचे मिळून झाले आहे. आणि दूर कशाला, मेघालयातील खासी समाजात कूळ व कुलनाम मातेकडूनच चालते.

महाराष्ट्रात मात्र मधले स्थान पित्याचे, विवाहानंतर स्त्रीच्या बाबतीत पतीचे, आणि शेवटी आडनाव, बहुधा गावावरून आलेले, अशी पद्धती रूढ झाली. या मांडणीत आईस जागाच उरली नाही. २०२४ साली राज्य शासनाने शासकीय दस्तऐवजांत बालकाचे नाव, नंतर आईचे, नंतर वडिलांचे आणि शेवटी आडनाव असा क्रम ठरविला. ज्या भूमीत गौतमीपुत्राचा लेख आहे तेथे हे नवे म्हणावे की जुने, हा प्रश्नच आहे.

मातृनामाची खरी कसोटी महाभारतात अर्जुनाच्या नव्हे, कर्णाच्या ठायी लागते. अधिरथ सारथ्याने व त्याच्या पत्नीने, राधेने, नदीतून वाहत आलेले मूल वाढविले, त्याचे नाव वसुषेण ठेवले. लोक त्यास राधेय म्हणू लागले, आणि हिणवू पाहणारे सूतपुत्र. उद्योगपर्वात श्रीकृष्ण त्यास जन्मरहस्य सांगतात. कन्यावस्थेत झालेला पुत्र शास्त्राने तिच्या पतीचा ठरतो, तेव्हा तू ज्येष्ठ पांडव आहेस, राज्य तुझे आहे, हा युक्तिवाद निर्दोष होता. कर्णाने तो खोडला नाही. मला पाहताच राधेस वात्सल्याने पान्हा फुटला, अधिरथाने माझे जातकर्म केले, त्यांना सोडून मी पृथ्वीच्या राज्यासाठीही जाणार नाही, एवढेच तो म्हणाला. पुढे गंगातीरी कुंती स्वतः आली तेव्हा त्याने वंदन करताना आपली ओळख राधेचा आणि अधिरथाचा पुत्र अशीच दिली. तू राधेय नव्हेस, कौन्तेय आहेस, असे कुंती म्हणाली. पण कुंती हे तिचे नावही पालकपित्याच्याच घरचे होते! पालनाने मिळालेल्या नावाची थोरवी तिच्याहून अधिक कोणास ठाऊक असावी?

आता गीतेचा अकरावा अध्याय पाहावा. विश्वरूपाच्या मुखात शिरणाऱ्या वीरांची नावे घेताना, सव्विसाव्या श्लोकात, अर्जुन भीष्म आणि द्रोण यांच्या बरोबर ‘सूतपुत्र’ असे म्हणतो. ज्यास हा कौन्तेय सूतपुत्र म्हणत आहे तो त्याचा सख्खा वडील भाऊ आहे, हे त्यास माहीत नाही. चौतिसाव्या श्लोकात श्रीकृष्ण तीच नावे पुन्हा घेतात. त्यांस सर्व ठाऊक आहे, आणि ते गुप्त ठेवण्याची विनंती कर्णाने केलेली आहे. ते सूतपुत्र म्हणत नाहीत. कौन्तेय किंवा राधेयही म्हणत नाहीत. ते केवळ ‘कर्ण’ म्हणतात.

युद्ध संपल्यावर, मृतांस तिलांजली देण्याच्या वेळी, कुंतीने आपल्या पुत्रांस कर्णासाठीही पाणी सोडण्यास सांगितले, आणि तेव्हा प्रथमच त्यांस ज्येष्ठ बंधूची ओळख पटली.