एकच प्रश्न पुन्हा पुन्हा

सिनेमातली स्मृती डोक्यावर काठी बसून जाते आणि दुसरी काठी बसली की परत येते. मधल्या काळात नायक स्वतःचं नावसुद्धा विसरलेला असतो. खरा स्मृतिलोप असा क्वचितच दिसतो. माणूस नाव, गाव, लग्नाचं साल सगळं धडाधड सांगतो. पाच मिनिटांपूर्वीचं तेवढं त्याला सांगता येत नाही.

माझ्या थोरल्या मेहुण्यांना हे वाईच्या घाटावर झालं. साठी ओलांडलेला, रोज फिरायला जाणारा ठणठणीत माणूस. पौषातल्या सकाळी कृष्णेच्या गार पाण्यात डुबकी मारून वर आले, टॉवेल खांद्यावर टाकला आणि म्हणाले, "आपण इथे कधी आलो गं?" ताईने सांगितलं. त्यांनी मान डोलावली. थोड्या वेळाने तोच प्रश्न, त्याच सुरात, भुवयाही तशाच वर. शर्टाची बटणं नीट लावली, भाच्याला नावाने हाक मारली, चहात साखर कमी आहे हेही बजावलं. कप खाली ठेवला आणि विचारलं, "चहा घ्यायचा ना?"

आधी सगळ्यांना चेष्टा वाटली. मग ताई चिडली. मावशींनी दृष्ट काढली, लिंबूसरबत झालं, आणि 'वय झालं, व्हायचंच' असा निकालही कुणीतरी देऊन टाकला. (आपल्याकडे वयावर काय काय ढकलतात त्याला सीमा नाही.) या साऱ्या वेळात गाडीची किल्ली मेहुण्यांच्याच खिशात होती. दवाखान्यात पोचेपर्यंत दुपार झाली. संध्याकाळी प्रश्न थांबले, पण ती सकाळ त्यांना आजही आठवत नाही.

तपासण्यांनंतर डॉक्टरांनी निदान केलं, 'ट्रान्झियंट ग्लोबल अ‍ॅम्नेशिया'. फिशर आणि अ‍ॅडम्स या मेंदूविकारतज्ज्ञांनी १९६४ साली या विकाराचं सविस्तर वर्णन केलं. वर्षाला लाखात साधारण पाच ते दहा जणांना तो होतो, पन्नाशीनंतर जास्त. थंड पाण्यात एकदम उतरणं, अंगमेहनत, मनाला बसलेला धक्का अशा निमित्तांनी सुरू होतो आणि चोवीस तासांच्या आत ओसरतो. त्या वेळात मेंदूतल्या हिप्पोकॅम्पसचं काम बिघडलेलं असतं, त्यामुळे नवं काहीच साठत नाही.

हा भाग कायमचा गेला तर काय होतं, हे अमेरिकेतल्या हेन्री मोलेसनमुळे कळलं. फेफरं थांबावं म्हणून १९५३ मध्ये त्याच्या मेंदूच्या दोन्ही बाजूंचा हा भाग बराचसा काढला गेला. २००८ मध्ये वारेपर्यंत त्याला नव्या घटना लक्षात ठेवता आल्या नाहीत. गंमत अशी, की आरशात बघून चांदणी गिरवण्यात तो रोज तरबेज होत गेला, पण हे आपण आधी केलंय याची त्याला दाद नव्हती.

इतका निखळ आणि कायमचा स्मृतिलोप विरळाच. हळूहळू वाढत जाणारा डिमेन्शिया मात्र भारतात साठीपुढच्या सुमारे ८८ लाख लोकांना असल्याचा अंदाज आहे. बाकी कारणं पुष्कळ: डोक्याचा मार, फेफरं, नागिणीच्या जातकुळीतल्या हर्पिसचा मेंदूज्वर, झोपेच्या काही गोळ्या. बी-१ जीवनसत्त्वाच्या अभावाने होणारा कोर्साकॉफ विकार दारुड्यांचाच समजतात, पण गरोदरपणात उलट्या थांबेनात तरी तो गाठू शकतो. बी-१२ कमी असणं किंवा थायरॉइड मंदावणं यानेही विसराळूपणा येतो. तो साध्या रक्ततपासणीत सापडतो आणि औषधाने बराचसा सुधारतो.

मेहुण्यांचं निभावलं, म्हणून तुमच्या घरातल्यांचंही आपोआप निभावेल असं धरू नका. अचानक कुणी तेच तेच विचारू लागलं, तर त्याला रागावू नका, 'आठव बरं' म्हणून छळू नका आणि गाडी तर मुळीच चालवू देऊ नका. सुरुवात किती वाजता झाली ते लिहून ठेवा, मोबाइलवर थोडं चित्रण करा, चालू औषधांच्या पट्ट्या पिशवीत टाका. मधुमेही असेल तर साखर तपासा. तोंड वाकडं होतंय का, हात लुळा पडतोय का, जीभ अडखळतेय का, हे बघा. पण यातलं काही नाही म्हणून घरी थांबू नका, कारण पक्षाघाताचा झटकाही कधी कधी नुसत्या विसरण्याने सुरू होतो. त्यातली रक्ताची गुठळी विरघळवणारं इंजेक्शन साधारण साडेचार तासांच्या आतच द्यावं लागतं. दृष्ट नंतर काढा, आधी १०८ ला फोन लावा.