ओसरीवरील अ‍ॅमरिलिस : कंदाची ओळख व निगा

चंद्रपूर व गडचिरोली जिल्ह्यांतील काही घरांच्या ओसरीवर कर्ण्याच्या आकाराचे, लाल-केशरी रंगाचे मोठे फूल देणारी कुंडीतील वनस्पती आढळते. लोक तिला नुसते 'लिली' म्हणतात. बाजारात तिचा कंद अ‍ॅमरिलिस या नावाने मिळतो. तिच्याबाबत ठराविक तक्रार ऐकू येते. कंद आणला त्या वर्षी फूल आले, पुढे मात्र नुसती पानेच आली, अथवा पावसाळ्यात कंद कुजून गेला. दोहोंचे कारण कंदाची रचना पाहिल्यास ध्यानात येते.

कंद उभा चिरल्यास कांद्याप्रमाणे एकात एक पापुद्रे दिसतात. प्रत्येक पापुद्रा म्हणजे एका पानाचा फुगलेला बुडखा होय. पान उजेडात जे अन्न तयार करते, ते या बुडख्यात साठते. साधारणपणे चार पानांमागे फुलाची एक कळी कंदाच्या पोटात धरते, आणि ती बाहेर दिसण्यापूर्वी सुमारे वर्षभर आत वाढत असते. म्हणजे यंदाचे फूल ही गेल्या हंगामातील पानांची कमाई असते. फूल सुकताच कुंडी अंधाऱ्या कोपऱ्यात सारली, किंवा पाने उगाच वाढली म्हणून कापली, तर पुढील वर्षी फूल कोठून येणार? लिंबाएवढा लहान कंदही फूल देत नाही. तो दोन-तीन वर्षे नुसता पोसावा लागतो.

नावाचा थोडा घोटाळा आहे. खरी अ‍ॅमरिलिस दक्षिण आफ्रिकेतील. कुंडीतील ही वनस्पती मूळची दक्षिण अमेरिकेतील असून शास्त्रात तिला हिपिअ‍ॅस्ट्रम म्हणतात. तिचा पहिला प्रसिद्ध संकर १७९९ च्या सुमारास इंग्लंडमध्ये आर्थर जॉन्सन याने केला. हा गृहस्थ धंद्याने घड्याळजी होता!

लागवडीसाठी कंदापेक्षा दोन-दोन बोटे रुंद अशी, तळाला भोक असलेली मातीची कुंडी घ्यावी. कन्हार जमीन पाणी धरून ठेवते, म्हणून ती एकटी कधीही वापरू नये. एक भाग माती, एक भाग नदीची जाड वाळू व एक भाग चांगले कुजलेले शेणखत किंवा पालापाचोळ्याचे खत मिसळावे. जळलेल्या धानाच्या तुसाची मूठभर राख मिसळल्यास माती भुसभुशीत राहते. कंदाचा वरचा निम्मा भाग मातीबाहेर राहिला पाहिजे. पूर्ण गाडलेला कंद मानेशी पाणी साचून कुजतो. या पावसाच्या मुलखात तर हमखास.

नोव्हेंबरपासून पाणी कमी करीत जाऊन बंद करावे व कुंडी कोरड्या, थंड जागी आठ ते दहा आठवडे ठेवावी. काही जातींची पाने थंडीतही हिरवी राहतात. ती कापू नयेत, पाणी तेवढे तोडावे. फेब्रुवारीच्या आरंभी वरची माती बदलून पाणी सुरू करावे. हा काळ निवडण्यास कारण आहे. कंद आपल्या वेळेवर सोडल्यास फूल बहुधा एप्रिल-मे महिन्यांत येते, आणि तेव्हा या भागात पारा ४५ अंशांच्या पुढे जात असल्याने पाकळ्या लवकर करपतात. दांडा उजेडाकडे झुकतो, म्हणून कुंडी दररोज थोडी फिरवावी. फुलल्यावर ती सावलीत ठेवावी.

फुले सुकल्यावर फक्त दांडा कापावा. त्यानंतरच खरी निगा सुरू होते. उन्हाळ्यात सकाळचे कोवळे ऊन मिळावे, दुपारी सावली असावी. पावसाळ्यात कुंडी वळचणीच्या आत, परंतु भरपूर उजेडात ठेवावी आणि सप्टेंबर अखेरपर्यंत दर पंधरवड्यास शेणखताचे पातळ पाणी द्यावे. जंगलातील कळलावीवर पावसाळ्यात काळ्या, पांढऱ्या ठिपक्यांच्या अळ्या दिसतात. लिलीवरील त्या पतंगाच्या अळ्या होत. त्या या पानांवरही येतात व थोड्याच दिवसांत कुंडी बोडकी करतात. कुंड्या मोजक्या असल्याने अळ्या वेचून मारणे हाच सोपा उपाय आहे. फवारणीची गरज नाही. मोठ्या कंदाभोवती फुटणारी पिले माती बदलताना अलग करून लावावीत.

ग्रामपातळीवरील कार्यकर्त्यांनी पुढील गोष्ट घरोघरी आवर्जून सांगावी. हा कंद विषारी आहे. कांदा व लसूण यांचा समावेश २००९ च्या वर्गीकरणात याच कुळात झाला आणि कंदाचे रूपही कांद्यासारखेच. परंतु यातील लायकोरिन या द्रव्याने लाळ सुटते, उलट्या व जुलाब होतात. कडू रानकंद उकडून, पाण्यात ठेवून खाण्याची रीत या भागात जाणत्यांना ठाऊक आहे. ती या कंदावर अजमावू नये. काढलेले कंद स्वयंपाकघरात किंवा कांद्याच्या चाळीत ठेवू नयेत, खुणेची चिठ्ठी लावून वेगळे टांगावेत. कुंडी शेळ्यांच्या तोंडी व लहान मुलांच्या हाती लागणार नाही अशी ठेवावी. कोणी कंद खाल्ल्यास घरगुती उपायांत वेळ न दवडता प्राथमिक आरोग्य केंद्रात, आणि जनावर असल्यास पशुवैद्यकीय दवाखान्यात न्यावे, व उरलेल्या कंदाचा तुकडा सोबत घ्यावा.